राजकीय पटकथेचा पेशा : तयारी, लेखन आणि कागदपत्रे

‘सामना’ (१९७५), ‘सिंहासन’ (१९७९) आणि ‘उंबरठा’ (१९८२) हे तीन मराठी चित्रपट जब्बार पटेलांनी दिग्दर्शित केले आणि तिन्हींची पटकथा विजय तेंडुलकरांची. याच काळात तेंडुलकरांनी हिंदीत श्याम बेनेगलांसाठी ‘निशांत’ (१९७५) व ‘मंथन’ (१९७६) आणि गोविंद निहलानींसाठी ‘आक्रोश’ (१९८०) व ‘अर्धसत्य’ (१९८३) लिहिले. सहकारी साखर कारखाना, मंत्रिमंडळ, महिलाश्रम, जमीनदाराचा वाडा, दूध संकलन केंद्र, आडगावचे कोर्ट, मुंबईचे पोलीस ठाणे : आठ-नऊ वर्षांत एका लेखकाने सत्तेची इतकी ठिकाणे पालथी घातली. राजकीय आणि सामाजिक विषयांकडे ओढ असलेल्या नवोदित पटकथाकाराला यापेक्षा चांगला अभ्यासक्रम मराठीत तरी मिळणार नाही. करार, कॉपीराइट आणि सेन्सॉरची बाजू मात्र त्यानंतर बरीच बदलली आहे. ती स्वतंत्रपणे शिकावी लागते.

पूर्वतयारी

तेंडुलकरांचा जन्म १९२८ सालचा, कोल्हापूरचा. स्वातंत्र्यचळवळीच्या ओढीने त्यांनी चौदाव्या वर्षी शाळा सोडली आणि पुढे पोटासाठी वर्तमानपत्रांत नोकऱ्या केल्या. १९७३ ते ७५ या काळात नेहरू फेलोशिप घेऊन त्यांनी समाजातल्या वाढत्या हिंसाचाराचा अभ्यास केला. वर उल्लेखलेल्या पटकथा त्या सुमारास आणि त्यानंतर आल्या, हा योगायोग नसावा. ख्वाजा अहमद अब्बास हेही पत्रकारच. ‘आवारा’सारख्या पटकथा लिहीत असताना त्यांचा ‘लास्ट पेज’ हा स्तंभ चालूच होता. ‘सिंहासन’चे मूळ कादंबरीकार अरुण साधू पत्रकार. दिग्दर्शक केन लोचसाठी ‘आय, डॅनियल ब्लेक’ (२०१६) लिहिणारा पॉल लॅव्हर्टी मूळचा वकील.

वर्तमानपत्राने किंवा वकिलीने लेखकाला ओळखीपाळखी मिळतात, पण तो भाग दुय्यम. खरी मिळकत म्हणजे निर्णय कसा होतो हे जवळून दिसते. फाइल कोणत्या टेबलावर किती दिवस पडून राहते, पहिली सही कोण करतो, बदलीचा आदेश नेमका शुक्रवारी संध्याकाळीच का निघतो, या गोष्टी ज्याला ठाऊक नाहीत त्याची राजकीय पटकथा भाषणांवर चालते. सभेतले भाषण हा राजकारणाचा सर्वांत दिखाऊ आणि नाट्याच्या दृष्टीने सर्वांत पोकळ भाग असतो.

पत्रकारिता किंवा वकिली न केलेल्यालाही ही माहिती मिळवता येते आणि त्यासाठी आधी मुंबई गाठण्याची गरज नसते. कनिष्ठ न्यायालयांतली बहुतेक कामे खुल्या न्यायालयात चालतात. मागच्या बाकावर कोणीही बसू शकतो. ग्रामसभा, बाजार समितीतले लिलाव, तहसील कचेरीचा व्हरांडा, निवडणुकीची मतमोजणी संपल्यावरचा चौक, ही सगळी शिकण्याची ठिकाणे. माहिती अधिकार कायदा, २००५ नुसार दहा रुपयांच्या शुल्कात अर्ज करता येतो. उच्च न्यायालयांचे निकाल संकेतस्थळांवर मोफत वाचायला मिळतात आणि त्यांतला ‘घटनाक्रम’ हा भाग अनेकदा तयार कथाबीजच असतो. विधिमंडळाच्या कामकाजाचे छापील वृत्तान्तही वाचावेत. ते कंटाळवाणे असतात, पण मंत्री प्रश्न कसा टोलवतो ते तिथेच शिकायला मिळते.

चैतन्य ताम्हाणे यांचा ‘कोर्ट’ (२०१४) हा या प्रकारच्या बसण्यातून उभा राहिलेला चित्रपट. एका लोकशाहिरावर खटला भरला जातो : त्याच्या गाण्यामुळे एका सफाई कामगाराने गटारात उतरून आत्महत्या केली, असा आरोप. आरोप विक्षिप्त आहे, पण चित्रपटात कोणीही आरडाओरडा करत नाही. साक्षीदार बोलतो आणि त्याचे बोलणे न्यायाधीश आपल्या शब्दांत लघुलेखकाला सांगतात. बोललेल्यातले काय नोंदीत येते आणि काय गळते, हे प्रेक्षक डोळ्यांनी पाहतो. सरकारी वकीलबाई संध्याकाळी घरी जाऊन स्वयंपाक करतात. व्यवस्थेवर इतकी कडक टीका करणारा चित्रपट असूनही त्यात व्यवस्थेविरुद्धचे वाक्य शोधावे लागते. निरीक्षणाच्या वहीत असेच टिपावे : कोण उभे, कोण बसलेले, चहा कोणासाठी येतो, नाव पुकारल्यावर कोण दचकतो. मते नंतर लिहिता येतात.

विषयातून गोष्ट

‘जातिव्यवस्था’, ‘शेतकरी आत्महत्या’, ‘भ्रष्टाचार’ हे विषय झाले. निर्मात्याकडे विषय घेऊन जाणाऱ्याला तो चहा पाजून परत पाठवतो आणि त्यात त्याची फारशी चूक नसते. तेंडुलकरांच्या पटकथा चाळल्या तर दरवेळी विषयाच्या पोटातली एखादी अडकलेली गोष्ट त्यांनी हुडकलेली दिसते. ‘सामना’त ती एक प्रश्न आहे. एक दारुडा, उद्ध्वस्त मास्तर साखरसम्राट हिंदुराव धोंडे पाटलांच्या गावात येतो, त्यांच्याच बंगल्यावर पाहुणचार घेतो आणि गावातून नाहीशा झालेल्या मारुती कांबळे या माणसाचे पुढे काय झाले, एवढेच विचारत राहतो. सहकाराच्या राजकारणावर प्रबंध होईल इतका मजकूर त्या एका प्रश्नाभोवती उलगडतो. मास्तराकडे सत्ता नाही, पुरावा नाही, प्रतिष्ठाही नाही. पाटलांना तो उडवूनही लावता येत नाही आणि गप्पही करता येत नाही.

‘आक्रोश’मध्ये ती अडकलेली गोष्ट म्हणजे मौन. लहान्या भिकू या आदिवासीवर बायकोच्या खुनाचा आरोप आहे. त्याचा बचाव करायला नेमलेला तरुण वकील भास्कर कुलकर्णी प्रश्न विचारतो आणि आरोपी एक शब्द बोलत नाही. पटकथेच्या नेहमीच्या शिकवणीप्रमाणे नायकाला काहीतरी हवे असते आणि तो त्यासाठी धडपडतो. इथे ज्याच्यावर अन्याय झाला तोच धडपड नाकारतो, त्यामुळे सगळी हालचाल वकिलाच्या वाट्याला येते. वकिलाचा गुरू, सरकारी वकील दुसाने, हा स्वतः आदिवासी समाजातून वर आलेला. त्याला घरी निनावी फोनवरून जातीवाचक शिव्या मिळतात आणि तरीही गावच्या प्रतिष्ठितांच्या वर्तुळातली आपली जागा तो सोडत नाही. गावातले पुढारी, डॉक्टर, ठेकेदार आणि पोलीस अधिकारी एकमेकांशी कसे बांधलेले आहेत, हे तेंडुलकर त्यांच्या मोकळ्या वेळच्या उठबशीतून दाखवतात. कट शिजतानाचे दृश्य लिहिण्याची त्यांना गरजच पडत नाही. शेवटी लहान्याचा आवाज फुटतो तेव्हा तो किंकाळीचा असतो, आणि त्याआधी त्याने जे केले ते पाहून प्रेक्षकाला हायसे वाटण्याची सोय लेखकाने ठेवलेली नाही.

‘मंथन’मध्ये हीच कामगिरी दुधातली स्निग्धता मोजण्याने केली आहे. व्यापारी मिश्रा गावकऱ्यांच्या दुधाला मनाला येईल तो भाव देतो. सहकारी सोसायटी काढायला आलेला पशुवैद्य डॉक्टर राव दूध तपासून भाव ठरवतो. मोजमाप कोणाच्या हातात, हा राजकारणाचा प्रश्न एका साध्या चाचणीत येऊन बसतो. पुढे सोसायटीची निवडणूक होते, दलित उमेदवार निवडून येतो, हरलेला सरपंच मिश्राकडे वळतो. आणि निरक्षर बिंदूचा अंगठा कागदावर घेऊन रावविरुद्धच बालंट उभे केले जाते. चाचणी, मतपेटी, अंगठा : तीन वस्तूंवर सगळा संघर्ष तोललेला आहे. या पटकथेसाठी तेंडुलकरांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. चित्रपटाला पैसा पुरवला तो गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी, प्रत्येकी दोन रुपये देऊन. प्रचारपट व्हायची पूर्ण शक्यता असताना तो तसा झाला नाही, कारण गावकऱ्यांमधली फूट आणि रावाची मर्यादा पटकथेने लपवली नाही.

या सगळ्यातून नवोदिताने एक गोष्ट हट्टाने उचलावी : समोरच्याला अक्कल द्यावी. हिंदुराव पाटील हा माणूस विनोदी आहे, पाहुणचार करणारा आहे, त्याने गावात कारखाना आणला आहे. ‘अर्धसत्य’मधला गुंड रामा शेट्टी शांत बोलतो. ‘सिंहासन’मध्ये तर एक असा खलनायक नाहीच, मुख्यमंत्र्यापासून कामगार पुढाऱ्यापर्यंत प्रत्येकजण आपापल्या हिशेबाने शहाणाच वागतो आणि त्या शहाणपणाची बेरीज भयंकर निघते. ‘सामना’नंतर मराठी पडद्यावर मिशीला पीळ देणाऱ्या पाटलांची जी रांग लागली, तिच्यात बाह्य ढब उरली आणि पाटलाची अक्कल गळून गेली. त्या पाटलांना पाहून कोणी घाबरले नाही, आणि राजकारण तर कोणाला कळलेच नाही.

गोष्ट कोणाच्या नजरेने सांगायची, हा निर्णय याहून अवघड. ‘आक्रोश’ वकिलाच्या नजरेने चालतो. आदिवासी माणूस त्यात मुख्यतः पाहिला जातो. १९८० साली तो निर्णय धाडसी होता, पण त्याची मर्यादा नागराज मंजुळेंच्या ‘फँड्री’ने (२०१३) ठळक केली. तिथे मधला वकील, पत्रकार, सुधारक कोणीच नाही. डुक्कर पकडायला लावलेला शाळकरी जब्या आणि त्याला पाहून हसणारे गाव, एवढेच. शेवटी त्याने भिरकावलेला दगड प्रेक्षकाच्याच दिशेने येतो. आपल्या अनुभवाबाहेरचा समाज लिहिणाऱ्याने मध्यस्थ पात्र आणण्यात कमीपणा नाही, मात्र मग त्या मध्यस्थाचीही झाडाझडती पटकथेत व्हायला हवी. कुलकर्णी वकिलाच्या बाबतीत तेंडुलकरांनी ती केली आहे. पत्रकाराच्या बाबतीत तर त्यांनी ‘कमला’ हे आख्खे नाटकच लिहिले, आणि त्याचा मूळ धागा बाई विकत घेऊन बातमी करणाऱ्या पत्रकाराच्या खऱ्या घटनेत होता.

दुसऱ्याची कथा, दुसऱ्याचे संवाद

तेंडुलकरांच्या नावावरच्या राजकीय पटकथांतल्या कितीतरी रूपांतरे आहेत, हे फारसे लक्षात घेतले जात नाही. ‘सिंहासन’ अरुण साधूंच्या ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ या दोन कादंबऱ्या एकत्र गुंफून झाला. ‘उंबरठा’ शांता निसळ यांच्या ‘बेघर’वर आधारलेला. ‘अर्धसत्य’चा उगम श्री. दा. पानवलकरांच्या ‘सूर्य’ या कथेत. स्वतः नामवंत नाटककार असलेल्या माणसाने दुसऱ्यांच्या साहित्यावर इतके कष्ट घ्यावेत, यातून पेशाचे स्वरूप कळते. दोन कादंबऱ्यांतली पात्रांची गर्दी दोन-सव्वादोन तासांत बसवताना तेंडुलकरांनी दिगू टिपणीस या राजकीय वार्ताहराला सगळीकडे फिरवले. त्याला सर्व दारे उघडी असतात आणि तो निर्णय कुठलाच घेऊ शकत नाही, म्हणून प्रेक्षक त्याच्याबरोबर सहज फिरतो. असा एक माणूस सापडला की विस्तीर्ण राजकीय कादंबरीची पटकथा अर्धी झाली म्हणायची.

रूपांतर करायचे तर मूळ लेखकाची किंवा वारसांची लेखी परवानगी पटकथेचा पहिला खर्डा करण्याआधी घ्यावी. तोंडी होकारावर सहा महिने काम करणारे बरेच भेटतात. हक्क ठरावीक मुदतीसाठी राखून ठेवण्याचा छोटा करार पुरतो. रक्कम किरकोळ असली तरी चालते, मुदत आणि नूतनीकरणाची अट मात्र कागदावर हवी. हक्क दिल्यानंतरही मूळ लेखकाचा नैतिक अधिकार संपत नाही, हे दिल्ली उच्च न्यायालयाने १९८६ मध्ये मन्नू भंडारी यांच्या ‘आप का बंटी’ या कादंबरीवरील चित्रपटाच्या वादात स्पष्ट केले. कॉपीराइट कायद्याचे कलम ५७ या दृष्टीने प्रत्येक रूपांतरकाराने वाचलेले असावे. तेच कलम पुढे त्याच्याही कामी येते.

‘निशांत’चे संवाद सत्यदेव दुबेंचे, ‘मंथन’चे कैफी आझमींचे, ‘अर्धसत्य’चे वसंत देवांचे. पटकथा आणि संवाद ही दोन निराळी कामे आहेत, त्यांचे मानधन व श्रेयनामावलीतला उल्लेख वेगळा असतो. हिंदीत काम करू पाहणाऱ्या मराठी लेखकाने हिंदी संवादांचा हट्ट धरण्यापेक्षा पटकथा पक्की करावी आणि संवादलेखक कोण असावा याबाबत आपले मत विचारले जाण्याची तरतूद करारात करून घ्यावी. राजकीय चित्रपटात बोली चुकली की पात्राची जात, प्रांत आणि वर्ग तिन्ही चुकतात.

कागदावरचे टप्पे

चित्रपट व्यवसायात लेखन टप्प्याटप्प्याने पुढे जाते : एक-दोन वाक्यांत सांगता येणारी लॉगलाइन, दोन-तीन पानांची कथा, प्रसंगांचा क्रम सांगणारी वनलाइन, पंधरा-वीस पानांची ट्रीटमेंट आणि मग दृश्यवार पटकथा. मालिका असेल तर पात्रे, जग आणि हंगामाचा आराखडा सांगणारे ‘बायबल’ वेगळे. एक पान म्हणजे पडद्यावरचे एक मिनिट, हा प्रसिद्ध ठोकताळा इंग्रजीतल्या विशिष्ट अक्षरवळणावर आणि मांडणीवर बेतलेला आहे. देवनागरीत टाइप केलेल्या मजकुराला तो जसाच्या तसा लागू पडत नाही. घड्याळ लावून मोठ्याने वाचणे हाच भरवशाचा उपाय.

मराठीत आजही निर्माता किंवा नटासमोर पटकथेचे ‘वाचन’ होते, हिंदीत त्याला नॅरेशन म्हणतात. राजकीय विषयाचे वाचन करताना लेखक हमखास प्रस्तावना लांबवतो : आकडेवारी, अन्यायाचा इतिहास, विषय किती ज्वलंत आहे वगैरे. ऐकणारा तेवढ्यात मोबाइल उचलतो. पहिल्या दृश्यापासून सुरुवात करावी. ‘सिंहासन’ची सुरुवात मुख्यमंत्र्याला आलेल्या निनावी फोनने होते; त्याच्याविरुद्ध कट चालू आहे एवढे कळते आणि मग राज्याचे राजकारण आपोआप समोर येऊ लागते. विषयाचे महत्त्व ऐकणाऱ्याला आपोआप पटू द्यावे.

वाचनानंतर त्याच दिवशी कथासार ई-मेलने पाठवून ठेवावे. कोणाला, कधी आणि काय ऐकवले याची ती नोंद होते.

पोटापाण्याचा प्रश्न

राजकीय पटकथेवर घर चालवणारे लेखक हाताच्या बोटांवर मोजता येतील. तेंडुलकर वर्तमानपत्री लेखन करत राहिले. ‘कोवळी उन्हे’ आणि ‘रामप्रहर’ ही त्यांच्या स्तंभलेखनाची पुस्तके त्या शिस्तीची साक्ष आहेत. आज त्या जागी दैनंदिन मालिका, जाहिरात, माहितीपट, भाषांतर किंवा शिकवणे आहे. दैनंदिन मालिकेबद्दल नाक मुरडण्यात अर्थ नाही : ठरल्या वेळी पाने देण्याची सवय तिथे लागते. पण दोन-तीन वर्षांहून जास्त काळ त्यातच राहिल्यास प्रत्येक दृश्य तीनदा सांगण्याची खोड जडते, आणि ती मोडायला पुन्हा तितकाच काळ लागतो.

निर्माते कुठून येतात हेही पाहण्यासारखे आहे. ‘सामना’चे निर्माते रामदास फुटाणे चित्रकलेचे शिक्षक आणि कवी; दिग्दर्शक जब्बार पटेल दौंडला दवाखाना चालवणारे डॉक्टर. पटेलांची आणि तेंडुलकरांची गाठ आधीच रंगभूमीवर पडलेली. ‘घाशीराम कोतवाल’ (१९७२) पटेलांनीच बसवला होता. गोविंद निहलानी हे ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ (१९७१) या चित्रपटाचे आणि पुढे बेनेगलांच्या चित्रपटांचे छायालेखक, आणि स्वतः दिग्दर्शक झाल्यावर त्यांनी पहिली पटकथा मागितली ती तेंडुलकरांकडे. हे संबंध रंगभूमीवर आणि चित्रीकरणाच्या जागी एकत्र काम करताना जुळले. निर्मात्यांच्या कचेऱ्यांत खेटे घालून असे काही जुळत नाही. म्हणून नवोदिताने आपल्या वयाचा दिग्दर्शक शोधावा. पुण्याच्या पुरुषोत्तम करंडकापासून जिल्ह्याजिल्ह्यांतल्या एकांकिका स्पर्धा आजही त्यासाठी उत्तम जागा आहेत. पंधरा-वीस मिनिटांचा लघुपट कमी पैशात होतो आणि राजकीय विषय हाताळता येतो की नाही, याचा निकाल लगेच लागतो. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये पटकथालेखनाचा अभ्यासक्रम आहे. एनएफडीसीची पटकथा कार्यशाळा आणि नोव्हेंबरात इफ्फीच्या सुमारास गोव्यात भरणारा फिल्म बाजार, इथे देशी-परदेशी सहनिर्माते भेटतात. परदेशी निधीसाठी अर्ज करताना महाराष्ट्रातले राजकारण परक्या वाचकाला कळेल इतके सोपे करण्याचा मोह होतो. ‘कोर्ट’ने तो टाळूनच व्हेनिसला पारितोषिके मिळवली.

हक्क आणि करार

कल्पनेला कॉपीराइट नसतो, तिच्या मांडणीला असतो. सर्वोच्च न्यायालयाचा १९७८ चा आर. जी. आनंद खटल्यातला निकाल या बाबतीत अजूनही मूलभूत मानला जातो. प्रांतवादावरच्या ‘हम हिंदुस्तानी’ या नाटकाची ‘नई दिल्ली’ या चित्रपटाने नक्कल केली, अशी नाटककाराची तक्रार होती. विषय सारखा असला तरी मांडणी वेगळी आहे, असे म्हणून न्यायालयाने ती फेटाळली. राजकीय लेखकाला याचा दुहेरी अर्थ आहे. बातमीतली घटना कोणाच्याही मालकीची नसते, त्यामुळे तिच्यावर दुसऱ्याने आधी चित्रपट काढला तर हळहळण्यापलीकडे काही करता येत नाही. म्हणूनच नुसती कल्पना सांगत फिरू नये. दृश्ये लिहून झाल्यावरच दार ठोठावावे. लिहिलेला मजकूर मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे ऑनलाइन नोंदवता येतो. कॉपीराइट कार्यालयातली नोंदणी सक्तीची नाही, पण वादाच्या वेळी पुरावा म्हणून उपयोगी पडते.

२०१२ च्या दुरुस्तीनंतर कॉपीराइट कायदा, १९५७ लेखकाच्या बाजूला बराच झुकला. चित्रपटगृहाबाहेरच्या वापराच्या स्वामित्वधनातला आपला समान वाटा लेखकाला आता कराराने सोडून देता येत नाही. तसे लिहून घेतले तरी ते टिकत नाही. हक्क घेणाऱ्याने वर्षभरात ते वापरले नाहीत आणि करारात दुसरे काही म्हटलेले नसेल, तर हक्क लेखकाकडे परत येतात. ‘दुसरे काही म्हटलेले नसेल’ या शब्दांतच मेख आहे, कारण निर्मात्याच्या छापील करारात ते हमखास म्हटलेले असते. मुदतीचे कलम म्हणून दोनदा वाचावे. मानधन टप्प्यांत वाटून घ्यावे : सही, कथा, पहिला खर्डा, अंतिम खर्डा, चित्रीकरणाचा आरंभ. शेवटचा हप्ता प्रदर्शनाशी बांधू नये. राजकीय चित्रपटांचे प्रदर्शन रखडणे ही नित्याची बाब आहे.

एका कलमाकडे इतर लेखकांपेक्षा राजकीय लेखकाने जास्त लक्ष द्यावे. चित्रपटावर कोणीही दावा लावला तर त्याचा सर्व खर्च लेखक सोसेल, अशा अर्थाचे हमीचे कलम बहुतेक करारांत असते. कौटुंबिक विनोदी चित्रपटात ते निरुपद्रवी ठरते. एखाद्या आमदाराला स्वतःचे चित्र दिसेल अशा पटकथेत तेच कलम लेखकाला घर विकायला लावू शकते. लेखकाची हमी फक्त मजकूर त्याचा स्वतःचा आहे एवढ्यापुरती असावी. बदनामी, सेन्सॉर आणि प्रदर्शनानंतरचे वाद यांची जबाबदारी निर्मात्याची. हे घडवून आणण्यासाठी वकिलाला दिलेली फी वाया जात नाही.

खरी माणसे, सेन्सॉर आणि निदर्शने

जिवंत माणसावर बेतलेले पात्र लिहिताना नाव बदलणे पुरेसे नाही. गाव, पक्ष, व्यवसाय, लकब आणि एखादा गाजलेला प्रसंग एकत्र आले की ओळख पटते आणि भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५६ खाली बदनामीची फिर्याद होऊ शकते. मृत व्यक्तीबद्दलच्या मजकुरावरही कुटुंबीय तक्रार करू शकतात. मुख्य बचाव दोन : मजकूर खरा आणि लोकहिताचा असणे, किंवा तो सार्वजनिक नोंदींवर आधारलेला असणे. १९९४ च्या राजगोपाल निकालात सर्वोच्च न्यायालयाने न्यायालयीन कागदपत्रांसह सार्वजनिक नोंदींवर आधारित प्रसिद्धीला व्यक्तीची संमती लागत नाही असे म्हटले, मात्र लैंगिक अत्याचाराच्या पीडितांचा अपवाद केला. त्यांची ओळख उघड करणे संहितेच्या कलम ७२ नुसार स्वतंत्र गुन्हा आहे. नाव न घेता गाव आणि घटना दाखवली तरी ओळख उघड होऊ शकते, हे सामाजिक विषयांवर लिहिणाऱ्यांच्या ध्यानात उशिरा येते.

चित्रपटगृहात लागणाऱ्या चित्रपटाला सिनेमॅटोग्राफ कायदा, १९५२ नुसार प्रमाणपत्र लागते. या पूर्वतपासणीलाच ख्वाजा अहमद अब्बास यांनी आपल्या माहितीपटाच्या निमित्ताने आव्हान दिले होते. १९७० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती वैध ठरवली. आणीबाणीत अमृत नाहटांच्या ‘किस्सा कुर्सी का’च्या प्रती आणि निगेटिव्ह नष्ट करण्यात आल्या आणि त्यांना तो पुन्हा नव्याने काढावा लागला. आज तशी वेळ येणे कठीण असले तरी लेखकाने कायद्यातले कलम ५-ब वाचून ठेवावे : देशाची सुरक्षा, सार्वजनिक सुव्यवस्था, सभ्यता, बदनामी, न्यायालयाचा अवमान ही नकाराची कारणे त्यात दिलेली आहेत. २०२३ च्या दुरुस्तीने यूए वर्गाचे ७+, १३+ आणि १६+ असे तीन भाग झाले. अपिलासाठी असलेले न्यायाधिकरण २०२१ मध्ये रद्द झाले, तेव्हा आता थेट उच्च न्यायालयात जावे लागते. ‘उडता पंजाब’ला २०१६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने एकाच काटछाटीवर मोकळे केले, पण तेवढ्या लढाईला निर्माता तयार हवा. ओटीटीवर पूर्वतपासणी नाही. २०२१ च्या नियमांनुसार वयोगटवारी आणि तीन पातळ्यांची तक्रार-यंत्रणा आहे. प्रत्यक्षात कंपन्यांचे वकीलच पटकथा ओळीओळीने तपासतात आणि सेन्सॉरपेक्षा कडक निघतात.

त्यांच्यासमोर टिकण्यासाठी संशोधनाची फाइल लागते : प्रत्येक वादग्रस्त दृश्यासमोर आधाराचा कागद, त्याची तारीख आणि तो कुठून मिळवला याची नोंद. ती पटकथेबरोबरच तयार होत जावी, मागाहून जुळवू नये. प्रदर्शनानंतर निदर्शनांच्या धमक्या आल्या, तर ‘ओरे ओरु ग्रामत्तिले’ या तमिळ चित्रपटाच्या खटल्यातला १९८९ चा निकाल वकिलाच्या हाती द्यावा. जमावाच्या धमकीपुढे हात टेकून सरकारला अभिव्यक्ती रोखता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने त्यात बजावले आहे. माध्यमांशी कोणी बोलायचे हे निर्माता, दिग्दर्शक आणि लेखकाने प्रदर्शनाच्या आठवडाभर आधी ठरवून ठेवावे, आणि पात्र कोणावर बेतले या प्रश्नाचे तिघांचे उत्तर एकच असावे.